सगळं बरोबर केलं तरी जयू नाही म्हणते

"काकू, लेखाच्या खाली व्यवसाय काय टाकू?" संपादकांनी फोनवर विचारलं आणि मी अडखळले. बावीस वर्षं वाशीत वधूवर सूचक मंडळ चालवलं, एवढं सांगणं सोपं होतं. पण त्यानंतरची पाच वर्षं मी मोबाइलवर खेळायच्या प्रेमाच्या खेळांचे संवाद लिहितेय, हे त्रेसष्टाव्या वर्षी कोणत्या तोंडानं सांगायचं? शेवटी सांगून टाकलं. मग ते म्हणाले, "म्हणजे तेच काम की हो."

तेच काम नाही. का नाही, ते सांगायला मला दोन हजार शब्द दिलेत.

माझं मंडळ बंद झालं ते कुणाशी भांडून नाही. लोक स्थळं फोनवर बघायला लागले, माझ्याकडे फक्त चौकशीला यायचे, मग तेही थांबले. मी फायली घरी आणल्या आणि भाजी निवडावी तशी रोज थोडी थोडी फाडत बसले. त्या दिवसांत आमच्या नेरूळच्या सोसायटीतली तिसऱ्या मजल्यावरची केतकी दारात आली. केतकी तेव्हा तिशीच्या आसपास. उरणला एका मालवाहतुकीच्या कंपनीत नोकरी. तिच्या आईनं तिचं नाव माझ्याकडे नोंदवलेलं.

"काकू, मंडळ नक्की बंद झालं ना?"

"झालं."

"मग आईला एकदा तुमच्या तोंडानं सांगाल? माझ्यावर विश्वास नाही तिचा."

मी हसले आणि तिला आत घेतलं. ती कागद फाडायला मदत करत बसली. थोड्या वेळानं तिनं विचारलं, "काकू, मुलगा आणि मुलगी पहिल्यांदा एकटे बसतात, तेव्हा नेमकं काय बोलतात?"

मी म्हटलं, "पाणी."

"म्हणजे?"

"मुलगी विचारते, तुमच्याकडे पाणी किती वाजता येतं? त्या उत्तरावरून तिला कळतं की उठायचं किती वाजता, घरात माणसं किती आणि बादल्या कोण भरतं. मुलाला वाटतं, ही काय बोअर मुलगी आहे."

केतकीनं हातातला कागद खाली ठेवला आणि पर्समधून वही काढून हे लिहून घेतलं. माझं वाक्य कुणी लिहून घेण्याची ती पहिलीच वेळ. मी तिथंच फसले.

केतकी आणि तिचा कॉलेजचा मित्र नीलेश, दोघांना जपानी कार्टून मालिकांचं भयंकर वेड. मोठे डोळे, निळे केस, वाऱ्यावर उडणारी रिबीन, ती चित्रं. दोघं मिळून सुट्टीच्या दिवशी खेळ बनवायचे आणि फुकट वाटायचे. चित्रं केतकीची, कॉम्प्युटरचं काम नीलेशचं. नीलेश घणसोलीचा, मूळ गावातला. त्याच्या वडिलांनी तीन मजली घर बांधलंय, दोन मजले भाड्यानं. तिसऱ्या मजल्यावर नीलेशचे कॉम्प्युटर. वडील येणाऱ्याजाणाऱ्याला सांगतात, "पोरगा वर काहीतरी करतो. काय ते इचारू नका."

आता हा खेळ म्हणजे काय, ते सांगते. पडद्यावर मागे एक चित्र असतं, समजा शाळेची गच्ची. पुढे एक मुलगी किंवा मुलगा उभा. खाली पट्टीत त्याचं बोलणं उमटतं. तुम्ही बोट लावलं की पुढचं वाक्य. गोष्टच वाचायची, पण मध्येच खेळ थांबतो आणि तुम्हाला विचारतो: आता तुम्ही काय म्हणाल? तीन उत्तरं. एक निवडायचं. प्रत्येक उत्तराला गुपचूप मार्क असतात. चांगलं बोललात की समोरच्याच्या मनात तुमचे मार्क वाढतात, वाकडं बोललात की कमी. शेवटी बेरजेप्रमाणे लग्न, मैत्री नाहीतर नारळ. एकेका पात्राच्या गोष्टीला ही मुलं 'रूट' म्हणतात. पहिले दोन आठवडे मला वाटत होतं की बसबद्दल बोलतायत.

आणि प्रत्येक पात्राला चेहरे पाच. साधा, हसरा, रागावलेला, लाजलेला, रडवेला. पाचच, कारण केतकीला शनिवार-रविवारच मिळतो. मी तक्रार केली की मुलीकडच्या आईचा चेहरा यात बसतच नाही. ती एकाच वेळी हसते, रागावते आणि पोहे पुढे करते. केतकीनं माझ्यासाठी सहावा चेहरा काढला. त्याचं नाव आमच्यात 'पोहे' असंच आहे.

त्यांचा पहिला खेळ एका जपानी मालिकेच्या प्रेमात पडून केलेला. त्यात सगळं जपानी शाळेत घडायचं, गुलाबी पाकळ्या झडायच्या, आणि पात्रं मराठीत बोलायची, "मला तुझ्याबद्दल काहीतरी विशेष वाटते." मी विचारलं, "तुम्ही दोघं कधी जपानला गेलायत?" नाही. "तुम्हाला कधी कुणी असं म्हटलंय?" नाही. "मग खेळ नेरूळला आणा."

पुढच्या आठवड्यात केतकीनं चित्र आणलं. तीच गच्ची, तीच उडणारी रिबीन, पण मागे आमची खाडी आणि पाकळ्यांच्या जागी फ्लेमिंगो. चिखलात उभे हजारभर गुलाबी ठिपके. मला त्या खेळात काही कळत नव्हतं तरी ते चित्र मी अर्धा तास बघत होते.

असा आमचा नवी मुंबईतला खेळ सुरू झाला. चार पात्रं, चार रूट. मी कागदावर लिहायची, केतकी टाइप करायची. चुकाही खूप झाल्या. एकदा नीलेशनं कुठंतरी बेरजेच्या जागी वजाबाकी घातली. म्हणजे तुम्ही जितकं तुसडं बोलाल तितका हिरो प्रेमात पडणार. खेळ तसाच बाहेर गेला. आम्ही आठवडाभर घाबरून तक्रारींची वाट बघितली. एकच मेल आला. ठाण्याच्या एका मुलीनं लिहिलं होतं, "अखेर कुणीतरी खऱ्यासारखा गेम बनवला." ती चूक आम्ही दुरुस्त केली, पण मी दोन दिवस नीट जेवले नाही.

जयूचं मात्र वेगळं झालं.

जयू हे आमचं चौथं पात्र, उरणकडच्या खाडीकाठच्या गावातली. मी तिच्या तोंडी 'हाय' आणि 'नाय' पेरले, लाजताना पदर चावायला लावला आणि स्वतःवर खूश झाले. आठ दिवसांत खेळात दिलेल्या नंबरवर, म्हणजे केतकीच्या फोनवर, आवाजाचा निरोप आला. बाईचा आवाज, मागे ट्रकचे भोंगे.

"तुमची ती जयू कुठली हाय? आमच्यातली नाय ती. आमच्या पोरी पदर चावत नाय. पदर चावला तं मासली कोन विकील? ज्यानी लिवलंय त्याला इकरं पाठवा."

ज्यानं लिहिलं होतं ती मी. गेले. नेरूळहून उरणला आता गाडी जाते, तीत बसले. त्या बाईंचं नाव रंजना. चाळिशीच्या, गोदामात सुपरवायझर, अंगात केशरी जाकीट. जेवणाच्या सुट्टीत गोदामामागे सावलीत बसून त्या आमचा खेळ खेळत. मला बघून त्या हबकल्या.

"अगो बाय, मावशी, तुमी लिवता? मला वाटला कोनी पोरगा हाय."

मग त्यांनी डबा माझ्यापुढे सरकवला आणि माझी शाळा घेतली. कुठं 'गाडी' नाही, 'गारी'. कुठं जयू चिडेल, कुठं फक्त बघेल. मी पानंच्या पानं खोडली. निघताना त्या म्हणाल्या, "बाकी ठीक हाय. पन एक सांगा. त्यो पोरगा मार्क मिलवतो, मिलवतो, आनि शेवटाला जयू व्हय बोलते. तिला कोनी इचारला का?"

"खेळ असाच असतो," मी म्हटलं.

"खेल ना? मंग बरा हाय," त्या म्हणाल्या आणि जाकिटाची चेन लावून कामाला गेल्या.

परतीच्या गाडीत मला मंदा आठवली. मंदा हे तिचं खरं नाव नाही. मंडळाच्या चौथ्या-पाचव्या वर्षी आलेली मुलगी, नर्सिंगचं शेवटचं वर्ष. मुलगा चांगला, घर चांगलं, दोन्हीकडचे खूश. ती मला जिन्यात गाठून म्हणाली, "काकू, मला आत्ता नकोय." मी तिच्या पाठीवरून हात फिरवला. सगळ्याच मुली असं म्हणतात, असं मला वाटायचं, आणि मी ते तिला बोलूनही दाखवलं. वर जाऊन फॉर्मवर 'मुलीची पसंती'च्या रकान्यात लिहिलं, होकार.

तीन वर्षांनी ती ऑफिसात आली. एकटीच. फॉर्म आहे का, म्हणाली. मी काढून दिला. तिनं तो रकाना वाचला आणि शांतपणे म्हणाली, "हे अक्षर तुमचं आहे." एवढंच. रागावली असती तर मी काही उत्तर दिलं असतं. तिनं फॉर्म घडी घालून परत दिला, पाणी प्यायली आणि गेली. ती नवऱ्यापासून वेगळी झाली, पुन्हा नर्सिंगला लागली, हे मला नंतर दुसऱ्यांकडून कळलं.

घरी आल्यावर मी जयूचा शेवट पुन्हा लिहिला. जयूला मोरा बंदरातून सुटणाऱ्या लाँचवर सारंग, म्हणजे चालक, व्हायचंय, त्याचं ट्रेनिंग तिला मिळतं. तुमचे मार्क शून्य असोत की शंभर, तुम्ही विचारलंत की ती हसऱ्या चेहऱ्यानं सांगते, "नाय. तू चांगला हायस. पन नाय." आणि पडदा काळा.

नीलेशनं वाचलं आणि डोक्याला हात लावला. "काकू, माणूस पाच तास खेळतो. पाच तास! आणि शेवटी नाही?"

"हो."

"एक तरी रस्ता ठेवा ना. लपवून ठेवू. कुणाला सापडणार नाही."

"सापडला तर मग ती नाही म्हणालीच नाही, असं होतं."

तो केतकीकडे वळला. "तू तरी सांग यांना."

केतकी लाँचचं चित्र रंगवत होती. मान वर न करता म्हणाली, "मी आजवर सात जणांना नाही म्हटलंय. आठवं जयू म्हणेल."

खेळ बाहेर गेला आणि जो गदारोळ उठला तो मी आयुष्यात पाहिला नव्हता. माझ्या मंडळात नकार कळवला तर लोक फोन आपटायचे, पण एकेक करून. इथं शंभर जण एकदम. कुणी म्हणे खेळ बिघडलाय. कुणी म्हणे लिहिणारीला प्रेम माहीत नाही. एकानं लिहिलं, "ही नक्की कुणीतरी म्हातारी असणार." यात मात्र तथ्य होतं.

पण सगळ्यात चिवट निघाला सिद्धार्थ. तळोज्याला केमिकल कारखान्यात ऑपरेटर, मूळ परभणीकडचा. त्याचे चौदा मेल आले. एकही शिवी नाही, सगळे 'आदरणीय टीम'नं सुरू होणारे. पंधराव्यात त्यानं लिहिलं की जयूचा रूट तो एकोणीस वेळा खेळलाय, चूक कुठं आहे याचा पुरावा त्याच्याकडे आहे, आणि तो समक्ष दाखवायला तयार आहे.

नीलेश म्हणाला, "ब्लॉक करू." केतकी म्हणाली, "वेडा असेल." मी म्हटलं, "बोलवा." नकार मिळालेल्या मुलांना समोर बसवून समजावणं, हे काम तरी मला येत होतं.

सीवूड्सच्या मॉलमध्ये वरच्या मजल्यावर, जिथं खायची दुकानं आहेत, तिथं रविवारी सकाळी भेटलो. मी आणि केतकी. सिद्धार्थ आधीच येऊन बसला होता. एकोणतीस-तीस वर्षांचा, इस्त्रीचा शर्ट, भांग पाडलेला, आणि समोर दोनशे पानी वही. तो उठून उभा राहिला. मुलगी बघायला आलेली मुलं अगदी असंच उठायची.

"लिहिणारे सर आले नाहीत का?" त्यानं विचारलं.

"मीच लिहिते," मी म्हटलं.

तो खाली बसला. मग पुन्हा उठला. मग बसला.

वही मी कधी विसरणार नाही. प्रत्येक प्रश्न, तीनही उत्तरं, कुठल्या उत्तरावर जयूचा कोणता चेहरा दिसतो, सगळे तक्ते आखलेले. कारखान्यात टाकीचं तापमान दर तासाला लिहितात म्हणे, तीच सवय. त्यानं बोट ठेवून दाखवलं, "बघा मॅडम. इथं मी तिला जाळं दुरुस्त करायला मदत केली. इथं तिच्या बापाशी नीट बोललो. इथं पावसात छत्री तिला दिली, मी भिजलो. एकही उत्तर चुकलं नाही. तरी नाही म्हणती. म्हणजे कोडमध्ये घोळ आहे."

"घोळ नाही. ती नाहीच म्हणते."

"पण मी सगळं बरोबर केलं की, मॅडम!"

शेजारच्या टेबलावरचे लोक वळून बघायला लागले. केतकीनं कॉफीच्या कपात तोंड घातलं.

मी म्हटलं, "बाळा, सगळं बरोबर केलंस. तरी ती नाही म्हणू शकते. तिला लाँच चालवायचीय."

तो वहीकडे बघत राहिला. मंडळात अशा वेळी मी 'दुसरी चांगली मिळेल' म्हणायची आणि पुढचा फॉर्म काढायची. इथं माझ्याकडे पुढचा फॉर्म नव्हता.

"हे आधी सांगायचं होतं," तो म्हणाला. "एकोणीस वेळा खेळलो नसतो."

"खरंच?"

त्यानं विचार केला. "दहा वेळा खेळलो असतो."

केतकीला ठसका लागला. सिद्धार्थही हसला, पण लगेच गंभीर झाला. वहीचं शेवटचं पान उघडून त्यानं माझ्यापुढे ठेवलं. वर 'त्यानंतर' असं लिहिलेलं, खाली पान कोरं.

"मॅडम, ती नाही म्हणली, मान्य आहे. पण तुम्ही तिथंच पडदा काळा करता. मला कारखान्यातल्या लॅबमधल्या एकीनं नाही म्हणलं. तवा पडदा काळा नाही झाला. दुसऱ्या दिवशी सॅम्पलची बाटली घेऊन तिच्याच टेबलावर जायचं होतं. काय बोलावं कळंना. सात महिने झाले, बाटली ठेवतो आणि पळतो. जयूच्या गेममध्ये दुसरा दिवस असंल म्हणून बघत होतो. एकोणीस वेळा."

बावीस वर्षांत शेकडो नकार मी इकडून तिकडे पोचवले. नकारानंतर त्या दोन माणसांचं काय झालं, हे मला कधी माहीतच नव्हतं. मी फाइल बंद करायची. माणसं बंद होत नाहीत, हे या मुलाला माहीत होतं.

"दुसऱ्या दिवशी काय होतं?" मी केतकीला विचारलं. "तू सात जणांना नाही म्हटलंस ना. सांग."

केतकी लाल झाली. तिचा लाजलेला चेहरा मी प्रथमच पाहिला. "सहा जण तोंड चुकवतात," ती म्हणाली. "एक खूप मोठ्यानं हसतो. आणि आपण वाट बघत असतो की कुणीतरी साधं बोलावं. काहीतरी विचारावं. कामाचं."

"काय विचारावं?" सिद्धार्थनं पेन काढलं.

आम्ही तिघं दुपारचे अडीच वाजेपर्यंत तिथं बसलो. त्या कोऱ्या पानावर 'दुसरा दिवस' लिहिला. जेट्टीवर जयू भेटते. मुलगा मागे फिरायला लागतो. ती हाक मारते. तीन उत्तरं. मी लिहिलेली वाक्यं सिद्धार्थनं तीनदा खोडली, "मॅडम, इतकं शहाण्यासारखं कोणी बोलत नसतं, घसा कोरडा पडतो." केतकीनं जयूला सातवा चेहरा काढायचं कबूल केलं: जरा अवघडलेला, जरा आनंदी. रंजनाताईंना फोन लावला, जयूनं हाक कशी मारायची ते विचारायला. त्या म्हणाल्या, "ए, थांब रं, एवरंच. जास्ती लारात येऊ नका."

तो भाग आम्ही जोडला. नीलेशनं कुरकुर करत जोडला आणि वडिलांना दाखवला. वर काय चालतं ते त्यांना त्या दिवशी कळलं. लोकांचे मेल बदलले. काही अजूनही चिडलेले आहेत, त्यांना लग्न हवंय. त्यांच्यासाठी इतर तीन रूट आहेत. सिद्धार्थचा सोळावा मेल महिन्याभरानं आला, 'आदरणीय टीम'शिवाय. "आज बाटली ठेवून पळालो नाही. तिला विचारलं, तुमच्या सेक्शनचा एसी दुरुस्त झाला का. ती म्हणली, नाही ना. दहा मिनटं एसीवर बोललो." आता तो आमचा प्रत्येक खेळ बाहेर जाण्याआधी तपासतो. नीलेश त्याच्या वहीला घाबरतो.

राहिला माझा प्रश्न. इतकी वर्षं मी लिहीत होते, पण खेळ स्वतः कधी खेळले नव्हते. जे आपणच लिहिलंय ते काय खेळायचं? गेल्या महिन्यात दुपारी, कपडे वाळत घालून झाल्यावर, सोफ्यावर बसून केतकीनं फोनमध्ये घालून दिलेला खेळ उघडला आणि जयू निवडली. जाळं दुरुस्त केलं. छत्री दिली. बापाशी नीट बोलले. कोणत्या उत्तराला किती मार्क, मला सगळं ठाऊक. तीन दुपारी लागल्या. शेवटी फ्लेमिंगोंच्या समोर मी तिला विचारलं आणि ती म्हणाली, "नाय. तू चांगला हायस. पन नाय."

मला राग आला. खरा राग. मीच लिहिलेलं वाक्य, मीच त्याच्यासाठी नीलेशशी भांडले, आणि तरी मला वाटलं, काय ही मुलगी, छत्री दिली ना तुला! मग दुसरा दिवस आला. जेट्टीवर जयूनं हाक मारली, ए, थांब रं. पडद्यावर तीन उत्तरं आली. तिसरं होतं, "घाईत आहे, नंतर बोलू." त्या तिरमिरीत माझं बोट त्याच्यावरच पडलं. जयूचा तो सातवा चेहरा एकदा दिसला, लाँच सुटली आणि खेळ संपला.

मी केतकीला फोन लावला. "अगं, एक पाऊल मागे कसं जायचं?"

"सेव्ह केलं होतं का काकू?"

"नाही गं."

"मग मागे नाही जाता येत. पहिल्यापासून खेळावं लागेल. तीन दुपारी जातील, राहू दे."

मी फोन ठेवला, चष्मा पुसला आणि पहिल्यापासून सुरू केलं.